पांढरीखालचे शहर

आपल्याकडे गावाच्या जमिनीचे दोन रंग सांगतात. पिकते ती काळी आणि माणूस राहतो ती पांढरी. जुन्या वतनपत्रांत, हद्दीच्या तंट्यांत हे दोन शब्द जोडीने येतात, आणि खेड्यातली म्हातारी माणसे अजूनही गावठाणाला पांढरी म्हणतात. हा पांढरा रंग आला कुठून, याचा विचार मात्र फारसा कुणी केलेला नसतो. एकाच जागी हजार-दीड हजार वर्षे वस्ती राहिली की काय होते ते पाहा. मातीची भिंत पावसाळ्यात खचते. घरधनी ती पाडतो, जागा सारखी करतो आणि तिथेच नवी भिंत उभारतो. चुलीतली राख रोज उकिरड्यावर पडते. शेण, कोंडा, हाडे, फुटकी मडकी, कुजलेले छप्पर, सगळे तिथेच मुरते. पिढ्यामागून पिढ्या जमीन बोटाबोटाने वर चढते आणि भोवतालच्या शिवारापेक्षा फिकट, राखाडी दिसू लागते. गाव उठून गेले तरी ही माती जागची हलत नाही. अशा ओसाड जागेला विदर्भात रीठ म्हणतात. महसुली दप्तरात 'रिठी गाव' अशी नोंद असते.

पुरातत्त्वाचा जाणता अभ्यासक गावात आला की देवळाच्याही आधी पांढरीची चौकशी करतो. देऊळ एका राजाच्या काळात बांधले जाते. पांढरीत सगळ्यांचा काळ साठलेला असतो.

जमिनीच्या अशा नावात शहराची आठवण टिकून राहते, याचे जगातले सर्वांत प्रसिद्ध उदाहरण इटलीत आहे. नेपल्सजवळ, व्हेसुव्हियस ज्वालामुखीच्या पायथ्याशी असलेल्या एका उंचवट्याला तिथले लोक शेकडो वर्षे 'चिविता' म्हणत. चिविता म्हणजे नगर. वर मळे होते, शेती होती, नगराचा मागमूस नव्हता. कोणते नगर, हे कुणालाच सांगता आले नसते. सोळाव्या शतकाच्या शेवटी दोमेनिको फोंताना या वास्तुविशारदाने सार्नो नदीचे पाणी नेण्यासाठी या उंचवट्याच्या पोटातून कालवा खणला. भिंती लागल्या, कोरीव लेख लागले, आणि काम तसेच पुढे गेले. पुढे 1748 मध्ये नेपल्सच्या राजासाठी आल्कुबिएर्रे नावाच्या लष्करी अभियंत्याने इथे खोदाई सुरू केली. राजवाड्यासाठी पुतळे आणि भित्तिचित्रे मिळवणे एवढाच तिचा हेतू होता. आपण स्ताबिए नावाचे गाव खणतो आहोत, असे तो धरून चालला होता. ती चूक पंधरा वर्षे चालली. 1763 मध्ये पॉम्पेईकरांच्या सार्वजनिक जागेचा उल्लेख असलेला एक लेख सापडला, तेव्हा उलगडा झाला की इ.स. 79 च्या उद्रेकात राखेखाली गेलेले पॉम्पेई ते हेच.

ही पंधरा वर्षे मला महत्त्वाची वाटतात. शहर हाताखाली होते, कुदळ त्याच्या रस्त्यात उतरली होती, आणि तरी त्याचे नाव चुकीचे घेतले जात होते. नाव पक्के करायला लेख लागतो. पण शहर समजून घ्यायला लेखही पुरत नाही. त्यासाठी 1863 मध्ये जुझेप्पे फियोरेल्ली नावाचा माणूस यावा लागला. घट्ट झालेल्या राखेत माणसांची शरीरे कुजून गेली होती, पण त्यांच्या आकाराच्या पोकळ्या उरल्या होत्या. फियोरेल्लीने त्यांत पातळ प्लास्टर ओतले आणि मरताना तोंड झाकून घेतलेली माणसे पुन्हा दिसू लागली. त्याचे दुसरे काम कमी गाजले, पण माझ्या मते तेच मोठे होते. त्याने सगळ्या शहराला पेठा, आळ्या आणि दरवाजे असे क्रमांक दिले. सापडलेली वस्तू कोणत्या पेठेतल्या, कोणत्या आळीतल्या, कोणत्या दारामागे होती हे त्यामुळे कायमचे नोंदले जाऊ लागले. वस्तूपेक्षा तिची जागा जास्त बोलते, हे पुरातत्त्वाला तिथे उमगले.

या नोंदणीचे मोल आपल्या दृष्टीने किती आहे, ते एका हस्तिदंती बाहुलीवरून कळते. 1938 मध्ये अमेदेओ मायुरी यांना पॉम्पेईच्या एका घरात वीतभर उंचीची स्त्रीमूर्ती मिळाली. अंगावर दागिन्यांचा भार, दोन्ही बाजूंना छोट्या दासी, आणि घडण निःसंशय भारतीय. वरून खाली भोक पाडलेले आहे, त्यामुळे एखाद्या छोट्या चौरंगाचा किंवा आरशाचा तो आधार असावा. तळाशी खरोष्ठी लिपीतले अक्षर आहे. जग तिला 'पॉम्पेईची लक्ष्मी' म्हणते, जरी ती लक्ष्मीपेक्षा यक्षी असण्याचा संभव जास्त आहे. इ.स. 79 च्या राखेखाली ती सापडली, म्हणून तिचा काळ वादातीत ठरला. त्यानंतर तिचे माहेर शोधण्याचे काम आपल्याकडे झाले. तेर इथे तिच्याशी जुळणारी हस्तिदंती मूर्ती मिळाली. 1973 मध्ये नागपूर आणि मराठवाडा या दोन विद्यापीठांनी जालना जिल्ह्यातल्या भोकरदनला, म्हणजे प्राचीन भोगवर्धनात, उत्खनन केले. तिथे अशाच मूर्तीचा खालचा भाग निघाला. तीच उभे राहण्याची ढब, बाजूला तशाच दासी. सातवाहनांच्या काळातल्या दख्खनच्या कारागिरीचा एक नमुना समुद्र ओलांडून इटलीतल्या गावातल्या घरात पोहोचला असावा, असे या साम्यावरून दिसते.

भोकरदनच्या त्या उत्खननात डॉ. शां. भा. देव होते. त्याच्या चारच वर्षे आधी, 1969-70 मध्ये, त्यांनी आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या जगत्पती जोशी यांनी वैनगंगेच्या काठी एक शहर उघडे केले होते. ते शहर म्हणजे पवनी.

पवनी आज भंडारा जिल्ह्यात आहे, आपल्या गोंदियात नाही. पण 1 मे 1999 पर्यंत गोंदिया हा भंडारा जिल्ह्याचाच भाग होता, आणि वैनगंगेला तर आजही जिल्ह्याची हद्द ठाऊक नाही. ज्या खोऱ्यात गोंदियाचे धान पिकते त्याच खोऱ्यातले हे प्राचीन नगर. तीन बाजूंनी मातीचा प्रचंड तट आणि खंदक, चौथ्या बाजूला नदी. तटाचा कणा मातीचा आणि फार जुना आहे, त्यावरचे दगडी बांधकाम व दरवाजा पुष्कळ नंतरचे. गावाबाहेरच्या जगन्नाथ टेकडीला लोक नुसती टेकडी समजत होते. खणल्यावर तिच्या पोटातून विटांचा बौद्ध स्तूप निघाला. त्याची तुलना सांचीच्या मोठ्या स्तूपाशी करावी लागते, एवढा त्याचा पसारा. कठड्याच्या दगडी खांबांवर ब्राह्मी लिपीत आणि प्राकृत भाषेत दान देणाऱ्यांची नावे कोरलेली होती. कमळे, वृक्ष, स्तूपपूजा, फणा उभारलेला मुचलिंद नाग. ही शिल्पे पाहताना जाणवते की पॉम्पेईच्या गल्ल्यांत रथांची चाके फिरत होती, तेव्हा वैनगंगेच्या काठचे हे गाव नव्याने वसत नव्हते. ते आधीच जुने झाले होते.

याच पवनीत महाक्षत्रप कुमार रूपियम्म याचा स्मारकस्तंभ मिळाला, भार वंशातल्या भगदत्त राजाचा लेख मिळाला. नाशिकच्या लेण्यांतल्या लेखात गौतमीपुत्र सातकर्णी स्वतःला 'बेनाकटकाचा स्वामी' म्हणवतो. वाकाटकांच्या तिरोडी ताम्रपटात बेण्णाकट नावाचा प्रदेश येतो. बेण्णा म्हणजे वैनगंगा, आणि बेण्णाकट म्हणजे तिच्या काठचा मुलूख, असे महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी मांडले. आजचे भंडारा, गोंदिया, बालाघाट त्यात येतात. ज्या भागाला आपण झाडीपट्टी म्हणतो आणि जंगल, तलाव व धान याच तीन शब्दांत आवरतो, त्याचे नाव सम्राटांनी बिरुदासारखे मिरवले होते.

आता गोंदिया जिल्ह्याच्या आत येऊ.

हावडा-मुंबई लोहमार्गावर गोंदियाच्या पूर्वेला आमगाव लागते. त्याच्याजवळ पदमपूर नावाचे खेडे आहे. धानाच्या बांध्या, आंबा-मोहाची झाडे, बोडी, कौलारू घरे. जिल्ह्यातल्या इतर शेकडो खेड्यांसारखेच दिसणारे. फरक एवढाच की इथे जुन्या मूर्ती आणि अवशेष आहेत, आणि गावाचे नाव दोन फार जुन्या साक्षींमध्ये आलेले आहे.

पहिली साक्ष तांब्याची. वाकाटक राजे दान देताना तांब्याच्या पत्र्यांवर मजकूर कोरून घेत. पत्र्यांना भोक पाडून कडी ओवत आणि कडीला राजमुद्रा अडकवत. त्यांची लिपी एकदा पाहिलेली विसरत नाही. प्रत्येक अक्षराच्या डोक्यावर, जिथे आपण आज शिरोरेघ ओढतो तिथे, एक बारीकसा चौकोन कोरलेला असतो. जणू अक्षराने डोक्यावर पेटी घेतली आहे. म्हणून तिला पेटिकाशीर्ष लिपी म्हणतात. अशा लिपीतला एक पत्रा जुन्या दुर्ग जिल्ह्यात, आजच्या छत्तीसगडमधल्या मोहला इथे मिळाला. वाकाटकांच्या बहुतेक दानपत्रांत सुरुवातीलाच दान कुठून दिले ते ठिकाण असते. 'नंदिवर्धनाहून' किंवा 'प्रवरपुराहून'. या पत्र्यावर ठिकाण होते पद्मपूर. पुढे वंशाची हकिगत सुरू होते आणि मजकूर मध्येच तुटतो. दान कुणाला दिले, कोणते गाव दिले, राजा कोण, तिथपर्यंत तो पोहोचतच नाही.

हा तुटलेला पत्रा एका पडत्या काळाची खूण आहे, असे मिराशींनी दाखवले. दुसऱ्या प्रवरसेनाने राजधानी नंदिवर्धनाहून प्रवरपुराला नेली. नंदिवर्धन म्हणजे रामटेकजवळचे नगरधन. प्रवरपूर म्हणजे मनसर, असे आता बहुतेक अभ्यासक मानतात. प्रवरसेनाचा मुलगा नरेंद्रसेन. त्याच सुमारास दक्षिण कोसल-बस्तरकडून नलवंशी राजा भवदत्तवर्मा चालून आला आणि त्याने नंदिवर्धन घेतले. ते कळते ते त्याच्याच ताम्रपटावरून. तो ताम्रपट अमरावती जिल्ह्यात रिद्धपूरला सापडला आहे. महानुभावांचे जे रिद्धपूर, तेच. राजधानी हातची गेल्यावर वाकाटकांनी पूर्वेकडे, वैनगंगेपलीकडच्या वनप्रदेशात ठाणे हलवले आणि ते ठाणे म्हणजे पद्मपूर. पुढे दुसऱ्या पृथिवीषेणाने बुडालेला वंश सावरला, असे त्याच्या बालाघाट ताम्रपटात म्हटले आहे. गंमत अशी की तो ताम्रपटही अपुराच आहे. दोन अपुरे पत्रे, दोन्ही याच टापूतले. पाचव्या शतकाच्या उत्तरार्धातली ती धांदल या दोन पत्र्यांत गोठून राहिली आहे.

दुसरी साक्ष नाटकाची. 'मालतीमाधव', 'महावीरचरित' आणि 'उत्तररामचरित' ही तीन नाटके लिहिणारा भवभूती हा संस्कृतातल्या सर्वांत मोठ्या नाटककारांपैकी एक. आठव्या शतकाच्या आरंभी तो होऊन गेला. कनोजच्या यशोवर्म्याच्या दरबारात तो होता, असे कल्हणाच्या 'राजतरंगिणी'त नोंदलेले आहे. संस्कृत कवी स्वतःबद्दल सहसा बोलत नाहीत. भवभूती बोलतो. सूत्रधाराच्या तोंडून तो आपले घराणे सांगतो. तैत्तिरीय शाखेचे, काश्यप गोत्राचे, उदुंबर उपनावाचे ब्राह्मण. आजोबा भट्टगोपाल, वडील नीलकंठ, आई जतुकर्णी. आणि गाव? दक्षिणापथात, विदर्भात, पद्मपूर नावाचे नगर.

नगर, हा शब्द लक्षात घ्यावा. वाकाटकांची सत्ता इ.स. 500 च्या आसपास संपली. भवभूती त्यानंतर दोनशे वर्षांनी लिहितो आहे. तरीही पद्मपूर त्याच्या लेखी नगर आहे, आणि तिथे सोमयाग करणारी, वेदाध्ययन करणारी कुटुंबे पिढ्यानपिढ्या नांदत आहेत. अशी कुटुंबे पोसायला भोवती सकस शेती लागते, दाने देणारे लागतात, ये-जा करता येईल असे रस्ते लागतात. राजा निघून गेल्यावरही ज्या गावात हे सगळे टिकते त्याला नुसती राजाची छावणी म्हणता येत नाही.

हे पद्मपूर कोणते? 'मालतीमाधव' या नाटकाची कथा पद्मावती नावाच्या नगरात घडते. ती पद्मावती ग्वाल्हेरजवळची पवाया, म्हणजे वेगळीच जागा. पण नावांच्या सारखेपणामुळे गोंधळ होत राहिला. आधीच्या काही अभ्यासकांचा रोख चांद्याकडे होता. नागपूरच्या मॉरिस कॉलेजात संस्कृत शिकवणारे मिराशी यांनी 1930 च्या दशकात ताम्रपट, नाटकांच्या प्रस्तावना आणि जमिनीवरचे अवशेष एकत्र ठेवून आमगावजवळच्या पदमपूरकडे बोट दाखवले. विदर्भाच्या हद्दीत, ताम्रपट सापडला त्याच्या आसपासच्या मुलखात, अवशेष असलेले आणि नाव न बदललेले गाव हेच. आमगावच्या महाविद्यालयाला आज भवभूतीचे नाव आहे. मला यात आनंद वाटतो, कारण आपल्या कवीला गावाने स्वीकारल्याची ती खूण आहे.

तरी एक गोष्ट मोकळेपणाने सांगायला हवी. मिराशींची मांडणी मला पटते, पण ती ग्रंथ, ताम्रपट आणि गावाचे नाव यांच्या आधारावर उभी आहे. पद्मपूर या नावाची गावे भारतात अनेक आहेत. आल्कुबिएर्रेची पंधरा वर्षे आठवा. शहर जमिनीतूनच सिद्ध व्हावे लागते. पाचव्या शतकातल्या विटा कुठल्या मापाच्या, त्यांखालचा थर कुणाचा, वरचा कुणाचा, वस्ती किती एकरांवर पसरली होती, तट होता का, पाणी कुठून घेत होते, लोक काय खात होते. हे प्रश्न ताम्रपटाला विचारून उपयोग नाही.

विदर्भात इतरत्र अशी उत्तरे मिळाली आहेत. नागपूर जिल्ह्यातल्या अडम या ठिकाणी 1988 ते 1992 या काळात अमरेंद्रनाथ यांनी उत्खनन केले, तेव्हा मातीच्या एका मुद्रेवर 'अस्सक जनपदाची' अशा अर्थाची प्राकृत अक्षरे मिळाली. बौद्ध ग्रंथांत वाचलेले जनपद एका खेड्याच्या पांढरीतून वर आले. नगरधनला डेक्कन कॉलेज आणि राज्य पुरातत्त्व विभाग यांनी 2015 ते 2018 मध्ये काम केले. तिथे जेमतेम साडेतीन सेंटिमीटर लांबीचा मातीचा ठसा मिळाला. वर शंख, आणि पेटिकाशीर्ष ब्राह्मीत राणी प्रभावतीगुप्ता हिचे नाव. गुप्त सम्राट दुसऱ्या चंद्रगुप्ताची ही मुलगी. नवरा लवकर गेल्यावर मुलांच्या वतीने तिने वाकाटकांचे राज्य चालवले. तिचे नाव ताम्रपटांतून माहीत होतेच. पण कुठल्यातरी पत्राला किंवा गाठोड्याला लावलेला हा ठसा राजधानीच्या घरांच्या पडझडीत मिळाला, आणि नगरधनच नंदिवर्धन ही ओळख आणखी बळकट झाली. अशी एक चिमूटभर भाजलेली माती पदमपूरची ओळख कायमची पक्की करू शकते.

पण प्रत्येक ठिकाणी लगेच खणायचे, असा याचा अर्थ नाही. खणणे म्हणजे पुस्तकाचे पान वाचता वाचता फाडून टाकणे. एकदा काढलेला थर परत बसवता येत नाही. पॉम्पेईचे क्षेत्र सुमारे 66 हेक्टर आहे, त्यातला जवळपास एक तृतीयांश भाग अजून मुद्दाम राखेखाली ठेवला आहे. उद्याचे लोक आपल्यापेक्षा चांगल्या साधनांनी तो वाचतील म्हणून.

न खणताही खूप कळते, हे इटलीतल्याच आणखी एका शहराने शिकवले. रोमच्या उत्तरेला साधारण 16 किलोमीटरवर व्हेई नावाचे एत्रुस्कन शहर होते. रोमचा कडवा प्रतिस्पर्धी. इ.स.पू. 396 मध्ये रोमनांनी ते जिंकले. दुसऱ्या महायुद्धानंतर तिथे ट्रॅक्टर आले, खोल नांगरणी सुरू झाली आणि दोन-अडीच हजार वर्षे पुरलेली खापरे ढेकळांबरोबर वर येऊ लागली. रोममधल्या ब्रिटिश स्कूलचे संचालक जॉन वॉर्ड-पर्किन्स यांना दिसले की हे सगळे काही वर्षांत चुरा होणार. त्यांनी माणसे गोळा केली आणि शेतेच्या शेते पायी तुडवायला सुरुवात केली. रांगेत, ठरावीक अंतर ठेवून, खाली मान घालून चालायचे. दिसेल ते खापर उचलायचे, कुठल्या शेतात मिळाले ते पिशवीवर लिहायचे. 1950 च्या दशकात सुरू झालेले हे काम वीसेक वर्षे चालले, आणि त्यातून दक्षिण एत्रुरियातले रस्ते, वाड्या, शेतघरे यांचा अख्खा नकाशा उभा राहिला. बहुतेक ठिकाणी कुदळही मारली नव्हती.

हे काम गोंदियात आजच्या आज करता येण्यासारखे आहे. खर्च पायपिटीचा. धान निघाल्यावर बांधी एकदा नांगरली आणि वर एक सर पडून गेली की खापरे धुऊन निघतात. धुऱ्यावरून चाला, बांधीत उतरा. डोळे सरावले की दहा पावलांत फरक कळू लागतो. आजच्या कुंभाराच्या मडक्याचे खापर जाडसर आणि एकरंगी असते. जुन्यात एक प्रकार असा, की बाहेरून तांबडा आणि आतून व काठाशी काळा. दोन रंग रंगवलेले नसतात, ते भट्टीने दिलेले असतात. कुंभार भांडे पालथे घालून भाजत असे. आतल्या बाजूला हवा पोहोचली नाही म्हणून ती काळी झाली, बाहेरच्या बाजूला हवा लागली म्हणून ती लाल झाली. या काळ्या-तांबड्या भांड्यांची खापरे विदर्भात लोहयुगातल्या शिळावर्तुळांतही मिळतात आणि सातवाहनकाळातल्या शहरांतही. बोटांत धरून कडेवर नख वाजवले की पातळ, नीट भाजलेल्या खापराचा आवाज खणखणीत येतो. माझ्या दृष्टीने हे सोन्याच्या मोहरेपेक्षा कमी नाही. मोहर हिंडत हिंडत कुठूनही येते. हजार खापरे एका शेतात आहेत, तर त्या शेतात कुणीतरी राहत होते.

यंत्रेही मदतीला आहेत. 2020 मध्ये केंब्रिज आणि गेंट विद्यापीठांच्या संशोधकांनी फालेरी नोवी या 30.5 हेक्टरच्या रोमन शहराचा संपूर्ण नकाशा जमिनीत शिरणाऱ्या रडारने काढला. स्नानगृह, बाजार, देऊळ, घरांखालून गेलेल्या पाण्याच्या नळ्या, सगळे दिसले आणि मातीचा कणही हलला नाही. आपल्याकडे मात्र तो प्रयोग जसाच्या तसा उचलून चालणार नाही. चिकण आणि ओल्या जमिनीत रडारच्या लहरी लवकर विरतात, आणि धानाच्या बांधीइतकी चिकण ओली जमीन कुठे मिळणार? इथे उन्हाळा पाहून, जमिनीतले चुंबकीय फरक मोजणारी साधने वापरून काम करावे लागेल. भाजलेली वीट, चूल, भट्टी त्यांना चांगली कळते.

धानशेतीने या भागातले अवशेष एका परीने जपले आणि एका परीने गिळलेही. चिखलणी करताना वरची वीतभर माती दरवर्षी ढवळली जाते, खापरे झिजून गोट्यांसारखी गुळगुळीत होतात. पण खालचा थर कडक होऊन बसतो आणि त्याच्याखाली नांगराचा फाळ सहसा जात नव्हता. आता जेसीबी जातो. चार बांध्यांची एक बांधी करताना उंचवटे छाटले जातात. रिठावरची पांढरी माती खत म्हणून ट्रॉलीने शेतात जाते, वीटभट्टीलाही जाते. यात शेतकऱ्याला दोष देता येत नाही, ती माती खरोखरच कसदार असते आणि त्याला कुणी काही सांगितलेले नसते. गोंदिया शहराजवळच्या नागऱ्याला जुने दगडी शिवमंदिर आहे, आसपास मूर्ती मिळाल्या आहेत, आणि गावाच्या नावातच मला नगर ऐकू येते, चिवितासारखे. अशा प्रत्येक गावात देवळाला रंग लागतो, सभामंडप होतो, फरशी बसते. देवळाभोवतालची पांढरी मात्र कुणाच्या मोजदादीत नसते.

सर्वांत वाईट नुकसान गुप्तधनाच्या नादाने होते. रात्री खड्डे पाडून मूर्ती उलथवणारे लोक विदर्भातल्या जुन्या जागांना नवे नाहीत. इटलीतही ते आहेत, तिथे त्यांना 'तोंबारोली' म्हणतात, थडगीचोर. 1971 मध्ये त्यांनी चेर्वेतेरीजवळच्या एत्रुस्कन थडग्यातून युफ्रोनियोस या ग्रीक कलावंताने रंगवलेले एक भव्य मृत्पात्र काढले. पुढच्याच वर्षी न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियमने ते दहा लाख डॉलरना विकत घेतले. इटलीने छत्तीस वर्षे पिच्छा पुरवला आणि 2008 मध्ये ते परत आणले. पात्र परत आले, पण ते कुणाच्या उशाशी ठेवले होते, शेजारी आणखी काय होते, ते थडगे स्त्रीचे की पुरुषाचे, हे सांगणारी मांडणी त्या रात्रीच मोडली होती. फियोरेल्लीने दारांना क्रमांक दिले ते याचसाठी.

तेव्हा वाचकहो, तुम्ही आमगाव, सालेकसा, तिरोडा, देवरी, कुठलेही असा, एवढे करा. तुमच्या गावात पांढरी कुठे आहे, रीठ कुठे आहे, तलावाचे खोलीकरण करताना मोठ्या विटा कुठे लागल्या, हे घरातल्या म्हाताऱ्यांना विचारून लिहून ठेवा. गटक्रमांकासह लिहा. शाळेतल्या मुलांना घेऊन एकदा धुऱ्यांवरून फिरून या. खापर दिसले तर जागेवरच त्याचा फोटो घ्या. मूर्ती, नाणे, ताम्रपट लागला तर घासू नका, धुऊ नका, शेंदूर लावू नका आणि तिथेच थांबा. 1878 चा भारतीय निखात निधी कायदा अजून लागू आहे. जमिनीत पुरलेली दहा रुपयांहून अधिक किमतीची कोणतीही वस्तू सापडली तर तिची लेखी खबर जिल्हाधिकाऱ्यांना द्यावी लागते. तलाठ्याकडे अर्ज दिला तरी तो पुढे जातो, पण पोच घ्यायला विसरू नका.